सुगिमोतोबाईंचा होकार

"हाय," सुगिमोतोबाई म्हणाल्या.

नोगुचिसाहेबांनी समाधानाने मान हलवली आणि पुढचं वाक्य सुरू केलं. जपानी वाक्यात क्रियापद मराठीसारखंच शेवटी येतं, पण नोगुचिसाहेबांच्या वाक्यात ते पंगतीतल्या जिलबीसारखं असे. येतंय येतंय म्हणता म्हणता माणसं हात धुवून उठत. कतारमधल्या अल रय्यानच्या त्या मीटिंग रूममध्ये एसीचा असा कडाका होता की बाहेर रस्ता वितळतोय यावर कुणाचा विश्वास बसला नसता. भैरवी शाल गुंडाळून टेबलाच्या टोकाला बसली होती आणि अरुणकुमारच्या कानात इंग्रजीतून कुजबुजत होती.

कुजबुजणं हा तिचा पेशा होता. जपानी कंपनी आणि तिची इथली भागीदार कंपनी मिळून अख्ख्या वस्तीला थंडगार पाणी पुरवणारा प्लांट उभारत होत्या, आणि दोघींमध्ये जे काही बोललं जाई ते भैरवीच्या तोंडातून जाई. नोगुचिसाहेब जपानी बाजूचे प्रमुख. अरुणकुमार भागीदार कंपनीचा एचआर. व्हिसा, तिकिटं, माणसांची ने-आण सगळी त्याच्याकडे. त्याला जपानीतले दोनच शब्द येत आणि ती दोन्ही मोटारींची नावं होती.

"मुलगी लहान आहे," ती कुजबुजत होती. "इथला उन्हाळा... जपानात मिस्टर एकटेच तिला सांभाळतात... सासूबाईंचं वय... कंपनीला यांची फार काळजी वाटते. टोकियोच्या ऑफिसात हलकं काम..."

समोर सुगिमोतोबाई ताठ बसल्या होत्या. हात मांडीवर, नजर नोगुचिसाहेबांच्या टायच्या गाठीवर. त्या प्लांटच्या पंपांच्या इंजिनियर. प्रत्येक स्वल्पविरामाला त्या "हाय" म्हणत होत्या. मधेच एकदा त्यांचं "हाय" श्वासात अर्धवट राहिलं.

भैरवीच्या ते लक्षात आलं नाही. तिचं निम्मं लक्ष नोगुचिसाहेबांच्या कोपराखालच्या बंद फोल्डरकडे होतं. अभिजितचं, म्हणजे तिच्या नवऱ्याचं, आयटीतलं कॉन्ट्रॅक्ट गेल्या महिन्यात संपलं होतं आणि तिचं पुढच्या महिन्यात संपत होतं. ते वाढवायचं की नाही हे नोगुचिसाहेब ठरवणार होते.

"...असं धरून चालायला हरकत नसावी," नोगुचिसाहेबांची जिलबी एकदाची आली.

"हाय," सुगिमोतोबाई म्हणाल्या.

"फायनल क्या है भैरवी?" अरुणकुमार कुजबुजला. "शी इज ओके?"

"यस," भैरवी म्हणाली.

"खलास." अरुणकुमारने पेनाला टोपण लावलं.

आता या "हाय"चं थोडं सांगायला हवं. भैरवी मूळची इस्लामपूरकडची. पुण्यात जपानी शिकायला क्लास लावला तेव्हा मॅडमनी पहिल्याच दिवशी विचारलं होतं, खेड्यातून कोण कोण आलंय? चार-पाच हात घाबरत वर गेले. मॅडम म्हणाल्या, "मग तुमची निम्मी जपानी झालीच म्हणायची. 'हाय' म्हणजे हाय आणि 'नाय' म्हणजे नाय." वर्ग खो खो हसला. सदाशिव पेठेतल्या मुली पहिल्यांदाच इस्लामपूरकडे हेव्याने बघत होत्या. भैरवीने त्या दिवशी घरी फोन करून वडिलांना सांगितलं की अण्णा, तुम्ही जपानी बोलता. अण्णा म्हणाले, "हाय की."

पुढे दोन वर्षांनी त्याच मॅडमनी शिकवलं की ते तेवढंसं खरं नाही. जपानी माणूस "हाय" म्हणतो तेव्हा तो बऱ्याचदा एवढंच सांगत असतो की तुमचा आवाज पोचतोय. पटलं, मान्य आहे, करतो, असं त्यात काही नसतं. भैरवीने हे वहीत लिहून घेतलं, परीक्षेत लिहिलं, त्याला मार्क पडले. पण अण्णांचं "हाय" तिच्या कानात जन्मापासून होतं आणि मॅडमचं फक्त डोक्यात. गडबडीत माणूस कानाचं ऐकतो.

*

दुसऱ्या दिवशी सकाळी सुगिमोतोबाई पॅन्ट्रीत आल्या. ऑफिसात चहा करायला इनायत होता, चांगला चहा करायचा. पण टोकियोहून पाहुणे आले की त्याला बाजूला सारून हिरवा चहा बायकांच्या हातून नेला जाई. सुगिमोतोबाई येण्याआधी तो मान एकट्या भैरवीचा होता. त्या आल्यापासून दोघींत विभागला गेला. पंपाचं कंपन सेन्सर लावून मोजणारी इंजिनियर ट्रे धरून वाकायची आणि पाहुणे तिला विचारायचे, कंपनीत बायकांना आता किती छान संधी मिळते, नाही?

मिळत होतीच. लॉबीत पोस्टर होतं: पिवळं हेल्मेट घातलेल्या सुगिमोतोबाई, आणि खाली जपानीत, 'चमकणाऱ्या स्त्रिया, चमकणारं भविष्य'. हेड ऑफिसला परदेशातल्या प्रकल्पावर चमकणारी एक बाई दाखवायची होती. ती दाखवून झाली होती. फोटो चांगला आला होता.

"भैरवी-सान," सुगिमोतोबाईंनी हळू आवाजात विचारलं, "मी परत जाते असं मी कुठे म्हणाले होते का?"

भैरवीच्या हातातली चहाची पिशवी कपाबाहेर पडली.

"अरुणकुमार-सानची मेल आली. पुढच्या आठवड्याचं तिकीट आहे. माझ्या जागी येणाऱ्या इंजिनियरचा व्हिसा टाकलाय. त्यांनी लिहिलंय, समजूतदारपणे होकार दिल्याबद्दल आभार." त्यांनी कप खाली ठेवला. "मी ऐकत होते. सगळं ऐकून घेऊन शेवटी बोलणार होते. तेवढ्यात सगळे उठले."

 चूक कुठे झाली हे भैरवीला नेमकं कळत होतं. तीन अक्षरी इंग्रजी शब्दात.

"ते 'यस' मी म्हटलं," ती म्हणाली. "अरुणकुमारने विचारलं आणि मी... माझी चूक झाली."

इथे कुणीही बाई चिडली असती. भैरवी त्याची वाटच बघत होती. सुगिमोतोबाई कमरेत वाकल्या.

"माझं 'हाय' संदिग्ध होतं. तुम्हाला त्रास झाला. क्षमा करा."

"अहो, तुम्ही कशाला माफी मागताय!" भैरवीच्या तोंडून चक्क मराठी बाहेर पडलं. सुगिमोतोबाईंना भाषा कळली नाही, सूर कळला. त्या किंचित हसल्या.

मग ट्रे पुसत त्यांनी सांगितलं. हलकं काम म्हणजे सामान्य प्रशासन विभाग. मूल झालेल्या बायका तिथे ठेवतात. नवीन वर्षाची शुभेच्छापत्रं मागवायची, एसीचे फिल्टर बदलून घ्यायचे, सहलीसाठी बस ठरवायची. तिथून परत साइटवर गेलेली बाई त्यांनी पाहिली नव्हती. त्यांची आई एका बँकेत होती. लग्न ठरलं तेव्हा सगळ्या शाखेने टाळ्या वाजवून, फुलं देऊन तिला घरी पाठवलं. या पद्धतीला जपानीत नाव आहे, त्याचा अर्थ मंगल निवृत्ती असा काहीसा होतो.

"आई ती फुलं अजून आठवते," त्या म्हणाल्या. "सुकायला चार दिवस लागले म्हणते."

"तुम्हाला काय हवंय?" भैरवीने विचारलं.

हा प्रश्न जपानीत इतका सरळ विचारत नाहीत. सुगिमोतोबाईंनी पुसलेला ट्रे पुन्हा पुसला.

"पंप सुरू होताना मला तिथे असायचंय."

*

"तू कशाला मधी पडतेस गो?" कॅरिना म्हणाली. कॅरिना वसईची, अकाउंट्सला. ऑफिसात मराठी बोलायला भैरवीला ती एकटीच होती. "तुजं रिन्यूअल व्हायचंय. नवरा घरी बसलाय. जपानी बाय जपानला चालली, तर तुजं काय जातं? आपल्याला कोण काय पोस्टरवर लावनार हाय?"

"पण चूक माझी आहे ना."

"चूक तुजी, पन सोय त्यांची! तू 'नो' म्हनाली असतीस तर बघ कसे लगेच म्हनाले असते, परत विचारा, नीट विचारा, ट्रान्सलेशन चुकलं असेल." कॅरिनाने सँडविचचा कागद चुरगळला. "'यस' आलं तेव्हा विचारलं का कोनी, ट्रान्सलेशन बरोबर हाय का म्हनून?"

 कॅरिनाचं बोलणं नेहमी असं असे. सल्ला एका दिशेचा आणि मुद्दा दुसऱ्या दिशेचा.

घरी अभिजितने डाळ केली होती. नोकरी गेल्यापासून तो स्वयंपाक शिकत होता आणि घरातले सगळे धीर धरत होते.

"आई, बाबा बर्न्ट द डाळ अगेन," गौरीने दारातच बातमी दिली.

"खमंग म्हणतात त्याला," अभिजित म्हणाला. भैरवीने सगळी हकिगत सांगितली तेव्हा मात्र तो गंभीर झाला. "हे बघ, तू दुभाषी आहेस. म्हणजे पाइप. इकडचं पाणी तिकडे. पाणी कुठे जातं ते पाइप विचारत नाही."

"फुटला की मात्र पहिला पाइपच बदलतात."

"म्हणून तर म्हणतोय, फुटू नकोस. निदान रिन्यूअलची सही होईपर्यंत. इथे घरमालक आहे, शाळा आहे, माझं... माझं अजून काही नाही." शेवटचं तो डाळीकडे बघून म्हणाला.

तो चूक बोलत नव्हता, हीच अडचण होती. भैरवीने डाळ दोनदा वाढून घेतली. नवऱ्याला एवढा दिलासा देणं तिच्या हातात होतं.

*

तरी ती नोगुचिसाहेबांच्या केबिनमध्ये गेली. चारचौघांत नको, आधी एकांतात सांगू, असा तिचा हिशेब होता.

साहेबांनी शांतपणे ऐकलं. मग दातांमधून श्वास आत ओढला. सूऽऽ असा आवाज झाला. जपानी साहेबाने असा श्वास घेतला की समजावं, पुढे खड्डा आहे.

"भैरवी-सान, तुमचा अनुवाद नेहमी इतका गुळगुळीत असतो," ते म्हणाले. "आमच्याकडे सगळे कौतुक करतात."

"पण साहेब, त्या दिवशी तो चुकला."

"असं वाटतं कधी कधी." त्यांनी टेबलावरचा फोटो तिच्याकडे वळवला. पदवीचा पोशाख घातलेली मुलगी, शेजारी तिची आई. "ही माझी मुलगी. ही मोठी झाली तेव्हा मी सौदीत होतो, मग ओमानला, मग इथे. पत्नीने नोकरी सोडली, मुलीला वाढवलं. तिने कधी तक्रार केली नाही. तिकडे मुलीला ताप आला की इथे सुगिमोतो-सान एका हाताने फोन आणि एका हाताने मीटर धरते. मला बघवत नाही. मी तिच्या वडिलांच्या जागी आहे."

त्यांचे डोळे खरंच ओलावले होते. नोगुचिसाहेब दुष्ट असते तर भैरवीचं काम सोपं झालं असतं. त्या फोटोतल्या बाईही कधीतरी समोर बसून "हाय, हाय" म्हणाल्या असतील, एवढंच तिच्या मनात आलं.

ती उठली तेव्हा ते सहज म्हणाले, "आणि हो, तुमच्या मुदतवाढीबद्दल टोकियो सकारात्मक विचार करत आहे."

विचार करत आहे! या जपानी शब्दाचा अनुवाद भैरवीने आजवर कितीतरी सप्लायरांना करून दिला होता. अरुणकुमार त्याला 'इन्शाल्ला' म्हणायचा. अण्णा त्याला 'बघू' म्हणायचे. सायकल मागितली की म्हणायचे. सायकल काही आली नाही.

त्यानंतरचे दिवस तिने गालाची आतली बाजू चावत काढले. फोन थरथरला की दचकायची. एका मीटिंगमध्ये 'व्हॉल्व्ह'ला 'विधवा' म्हणून बसली. दोन्ही शब्दांत जपानीत काही साम्य नाही, इंग्रजीत मात्र 'व्हॉल्व्ह' आणि 'विडो' दोन्ही व-चेच. तिच्या डोक्यातून इंग्रजीतला व काढून घेतला असता तर बरं झालं असतं असं तिला वाटलं. सुगिमोतोबाई रोज साइटवर जात होत्या, धूळ घेऊन परत येत होत्या, भैरवीला दिसल्या की मान लववत होत्या. विचारत काहीच नव्हत्या. विचारलं असतं तर परवडलं असतं.

*

निरोपाची मीटिंग होती. भिंतीवरच्या पडद्यावर टोकियोचे तिघे, तिघांचेही टाय एका रंगाचे. इकडे नोगुचिसाहेब, सुगिमोतोबाई, अरुणकुमार. आणि आज पडद्यावरच्यांनाही ऐकू जावं म्हणून भैरवीपुढे माइक. कुजबुजायची सोय नव्हती.

नोगुचिसाहेबांनी सुरुवात केली. सुगिमोतो-सानचं योगदान. कतारचं ऊन. सगळ्यांचं सहकार्य. भैरवी वाक्यामागून वाक्य इंग्रजीत ओतत गेली. पाइप उत्तम चालला होता.

"...आणि आता, सुगिमोतो-सान यांच्या स्वतःच्या इच्छेनुसार..."

भैरवी थांबली.

नोगुचिसाहेब तिच्या इंग्रजीसाठी थांबले. अरुणकुमारने मान वर केली. पडद्यावरच्या तिघांपैकी एकाने कानातलं यंत्र नीट बसवलं. त्याला वाटलं आवाज गेला.

दुभाष्याला स्वतःचा 'मी' नसतो. साहेब 'मला आनंद होतो' म्हणाले की तिनेही म्हणायचं, 'मला आनंद होतो', आनंद साहेबांचा. इतक्या वर्षांत भैरवी दिवसाला शेकड्याने 'मी' म्हणाली होती आणि त्यातला एकही तिचा नव्हता. त्यामुळे आता सुरुवात कशी करावी हेच तिला कळेना.

"मी," ती जपानीत म्हणाली. मग खुलासा केला, "म्हणजे मी. भैरवी. दुभाषी. मागच्या मीटिंगमध्ये माझी चूक झाली. त्या दिवशीचा होकार माझा होता. सुगिमोतो-सानचा नव्हता." आणि हेच तिने इंग्रजीत सांगितलं, कारण ते तिचं काम होतं.



"वेट, वेट," अरुणकुमार म्हणाला. "तो फिर उस दिन मॅडम बोली क्या?"

"मी ऐकतेय, असं बोलल्या."

"पूरा टाइम? सिर्फ सुन रही थी?" अरुणकुमार खरोखर चक्रावला होता. "अरे, आय हॅव ऑलरेडी बुक्ड द टिकिट, यार!"

हे शेवटचं वाक्य भैरवीने अनुवादित केलं नाही. नोगुचिसाहेबांनी दातांतून श्वास ओढला, लांब, संपेचना असा. मग सगळ्यांना एकदम आठवण झाली की ज्या बाईबद्दल बोलणं चाललंय ती खोलीतच आहे, आणि सगळ्या माना तिच्याकडे वळल्या. पडद्यावरच्या तीनही.

सुगिमोतोबाईंचा चेहरा कपाळापर्यंत लाल झाला होता.  ऑफिसात असं सरळ बोलायला जपानीत शब्द आहेत, पण ते लहान मुलं वापरतात.

"काएरिताकुनाय देस," त्या म्हणाल्या. आवाज कापत होता, पण शब्द सुटा होता.

परत जायचं नाहीये. त्या वाक्याच्या पोटात असलेलं 'नाय' इस्लामपूरच्या कुठल्याही शेंबड्या पोराला कळलं असतं. भैरवीने ते इंग्रजीत सांगितलं, आणि मऊ करण्यासाठी पुढे-मागे काही लावलं नाही.

टोकियो म्हणालं, विचार करू.

*

विचार झाला. चमकणारी स्त्री नको म्हणत असताना तिला उचलून नेलं तर बाहेर बरं दिसणार नाही, असं कुणाच्या तरी लक्षात आलं असावं. पंप सुरू होईपर्यंत सुगिमोतोबाई राहतील असं ठरलं. पुढचं पुढे.

भैरवीच्या कॉन्ट्रॅक्टचाही विचार झाला. नोगुचिसाहेबांनी तिला बोलावून फार वाईट वाटत असल्याचं सांगितलं, आणि ते खरं होतं. टोकियोने अनुवादाचं सॉफ्टवेअर घेतलं होतं. ते थकत नाही, मधेच थांबत नाही, आणि त्याला स्वतःचं मत नसल्याची कंपनीने लेखी हमी दिली आहे, असं ते म्हणाले.

कॅरिना "तरी सांगत होते मी" म्हणाली, आणि मग जेवणाच्या सुट्टीभर तिच्या शेजारी काही न बोलता बसली, हे कॅरिनाच्या बाबतीत फारच होतं. अभिजितचा एक इंटरव्ह्यू उम्म सलाल मोहम्मद या गावी ठरला होता. सध्या तो इन्शाल्लाच्या पातळीवर होता. भैरवीने सांगितलं तेव्हा त्याने डाळीखालचा गॅस बंद केला. मग म्हणाला, "किती वाजता घ्यायला येऊ?"

शेवटच्या दिवशी तो भर दुपारी गाडी घेऊन आला. डिक्कीत एक खोकं, एक शाल, एक कुंडी. भैरवी पुढे बसली, गाडी गेटमधून बाहेर पडली, तेव्हा तिला बाजूच्या आरशात दिसलं की सुगिमोतोबाई खाली आल्या आहेत. साइटवरून तशाच, सेफ्टी शूज घालून. पोर्चच्या सावलीतून त्या बाहेर आल्या, गाडीच्या दिशेने उभ्या राहिल्या आणि कमरेतून वाकल्या. पाठ जमिनीला समांतर.

वाकल्या त्या वाकल्याच.

भैरवीला कळलं. मोठ्या मानाच्या माणसाला निरोप देताना जपानात असंच वाकतात, आणि त्याची गाडी नजरेआड होईपर्यंत वर बघत नाहीत.

तेवढ्यात सिग्नल लाल झाला. गेटपासून हाकेच्या अंतरावर गाडी उभी राहिली.

"जा ना पुढे," भैरवी म्हणाली.

"कुठे जाऊ? लाल आहे."

"उजवीकडे वळ."

"उजवीकडे पण लालच आहे. काय झालं?"

आरशात ती पाठ तशीच होती. ऊन असं की रस्ता पाण्यासारखा हलत होता. पोर्चमधला सिक्युरिटीवाला सुगिमोतोबाईंकडे बघत होता, काही हरवलंय का म्हणून जमिनीवर शोधत होता. दोन इंजिनियर दारात थबकले होते. या सिग्नलला किती वेळ लागतो हे दोह्यात सगळ्यांना माहीत आहे. सुगिमोतोबाईंनाही माहीत होतं.

गाडी नजरेआड होत नव्हती, निदान आपण तरी व्हावं म्हणून भैरवी बेल्ट काढून सीटवर पुढे वाकली. आणखी वाकली, कपाळ डॅशबोर्डच्या खाली गुडघ्यांना टेकेपर्यंत.

"अगं बेल्ट! वर कॅमेरा आहे," अभिजित ओरडला. "पोटात दुखतंय का? भैरवी?"

"काही नाही. तू मागे बघ. मी दिसत नाहीये ना बाहेरून?"

"नाही."

"उठल्या का त्या?"

अभिजितने आरसा जरा फिरवला. मागची गाडी हॉर्न द्यायला लागली होती. सिग्नल हिरवा झाला होता.

"उठल्या," तो म्हणाला.

गाडी निघाली. भैरवी तशीच खाली राहिली.